द्वेषाला त्याचे नाव द्यावे

बोरघाटाच्या पायथ्याशी, खोपोलीलगतच्या साजगाव-ताकई येथे कार्तिक महिन्यात विठोबाची यात्रा भरते. कर्जत आणि खालापूर तालुक्यांतील गावकरी तिला जातात, घोंगड्या घेतात, बैल पाहतात आणि पुढच्या काही महिन्यांची सुकी मासळी भरून घरी परततात. या मासळीच्या बाजारामुळेच येथील विठ्ठलाला लोकांनी ‘बोंबल्या विठोबा’ हे नाव देऊन टाकले आहे. ज्या दैवताच्या वारकऱ्यांनी मांसाहार वर्ज्य मानला, त्याच्याच नावाला बोंबील चिकटावा, हे परक्याला चमत्कारिक वाटेल. ती चेष्टा आहे, अशीही त्याची समजूत होईल. तथापि घाटाखालच्या माणसाच्या तोंडी हे नाव निव्वळ लडिवाळपणाचे आहे. देव आपला आहे, म्हणून त्याला टोपणनाव देण्याचा अधिकार आहे, असा त्यामागील भाव असतो. तेच नाव एखाद्या उपऱ्याने कुत्सितपणे उच्चारले, तर यात्रेतला मनुष्य ते खपवून घेणार नाही.

शब्दांचा अर्थ केवळ कोशात नसतो. तो उच्चारणारा कोण, ज्याच्याविषयी उच्चारला तो कोण आणि त्या दोघांचे नाते काय, यावर तो ठरतो. या साध्या नियमाची आठवण करून देण्याचे कारण असे की, अलीकडच्या काळात महाराष्ट्रात मुसलमानांविषयी जी भाषा सर्रास वापरली जाते, तिचे समर्थन बहुधा कोशाच्या आधारे केले जाते. ‘हा जुनाच शब्द आहे’, ‘यात शिवी कोठे आहे?’, ‘आम्ही नाव तरी कोणाचे घेतले?’ अशी उत्तरे तयार असतात. दुसरीकडे, या भाषेमागील वृत्तीला नाव देण्याची वेळ आली की मराठी लेखणी अडखळते. कोणी ‘जातीयवाद’ म्हणतो, कोणी ‘जमातवाद’, कोणी ‘धर्मांधता’, तर कोणी सरळ ‘इस्लामोफोबिया’ हा परदेशी शब्द उचलतो. मुसलमानाला संबोधण्यासाठी डझनभर शब्द बाळगणाऱ्या भाषेला त्याच्या द्वेषासाठी एक नेमका शब्द ठरवता येऊ नये, ही गोष्ट विचार करण्यासारखी आहे.

‘यवन’ कोण होते?

साजगावाहून बोरघाट चढून गेले, की खंडाळा-लोणावळ्याच्या पलीकडे कार्ल्याची लेणी लागतात. तेथील चैत्यगृहाच्या अनेक खांबांवर ते कोणाच्या दानातून उभे राहिले, याचे लेख कोरलेले आहेत. त्यांत धेनुकाकट नावाच्या गावचे काही दाते स्वतःला ‘यवन’ म्हणवतात. जुन्नरच्या लेण्यांतही यवन दात्यांचे लेख आहेत. एकाने तर पाण्याची टाकी खोदून दिली आहेत. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी या डोंगरात ‘यवन’ हा शब्द परदेशी वंशाच्या परंतु येथील बौद्ध संघावर श्रद्धा ठेवणाऱ्या दात्याचा निदर्शक होता, आणि तो त्याने अभिमानाने दगडावर कोरविला होता. इस्लामचा उदय तेव्हा व्हावयाचा होता. मूळ आयोनियातील ग्रीकांना उद्देशून आलेला हा शब्द पुढे वायव्येकडून येणाऱ्या कोणत्याही परकीयाला लावला गेला आणि मध्ययुगात तो मुसलमानांवर स्थिरावला. ‘म्लेच्छ’ या शब्दाचीही कथा अशीच आहे. ज्याचे बोलणे स्पष्ट कळत नाही तो म्लेच्छ, असा त्याचा मूळ रोख उच्चाराकडे होता, उपासनेकडे नव्हे.

खालापूर तालुक्यातच या शब्दाचा दुसरा साक्षीदार आहे. १६६१ च्या फेब्रुवारीत शिवाजी महाराजांनी उंबरखिंडीत कारतलबखानाच्या मोगली फौजेची कोंडी केली. ही लढाई कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यात वर्णिली आहे आणि त्या काव्यात शत्रूसाठी ‘यवन’ हा शब्द येतो. परंतु त्या ‘यवन’ सैन्याबरोबर उंबरखिंडीत कोण होते? माहूरच्या देशमुख घराण्यातील रायबागन ही शूर स्त्री होती, आणि खानाला शरण जाण्याचा व्यवहारी सल्ला तिनेच दिला. उलट बाजूस, महाराजांच्या पदरी आरंभीच्या काळात पायदळावर नूरखान बेग होता आणि पुढे आरमारावर दौलतखान होता. काव्याला एक शब्द पुरला, इतिहासाला पुरत नाही. राज्याराज्यांतील संघर्षाची भाषा त्या काळी धर्माच्या शब्दांत बोलली जात असे, हे खरे. परंतु त्या शब्दांनी रणांगणावरील माणसांची वाटणी बिनचूक होत नव्हती, हेही तितकेच खरे. आज एखादा वक्ता उंबरखिंडीचे नाव घेऊन आजच्या शेजाऱ्याला ‘यवन’ ठरवितो, तेव्हा तो इतिहास सांगत नसतो. साडेतीनशे वर्षांपूर्वीच्या शत्रूचा अंगरखा तो आजच्या निरपराध माणसाला चढवीत असतो.

समोरासमोरचा शब्द

मराठी संतसाहित्यात मुसलमानांविषयीचे कठोर शब्द नाहीत, असे म्हणणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. एकनाथांचा ‘हिंदू-तुर्क संवाद’ प्रसिद्ध आहे. त्यात दोघेही एकमेकांच्या देवधर्मावर सडकून टीका करतात आणि कोणीही कोणाला सोडत नाही. परंतु या रचनेचे मर्म तिच्या घडणीत आहे. तेथे दोघे समोरासमोर उभे आहेत. एकाने बोलावे, दुसऱ्याने उत्तर द्यावे, असा सामना आहे आणि अखेर समेट आहे. तुर्काला तेथे तोंड आहे. आजच्या अपशब्दांचे स्वरूप याच्या उलट आहे. ते ज्याच्याविषयी असतात त्याच्या पाठीमागे उच्चारले जातात. चहाच्या टपरीवर, कचेरीतील जेवणाच्या सुट्टीत, लग्नाच्या पंगतीत ते निघतात, आणि तो मनुष्य आत आला की विषय बदलतो. वाद आणि द्वेष यांतील पहिला फरक हाच आहे. वादाला प्रतिवादी लागतो, द्वेषाला तो नकोसा असतो.

‘अविंध’ हा शब्दही विचारात घेण्याजोगा आहे. ज्याचे कान टोचलेले नाहीत तो अविंध, म्हणजेच मुसलमान. बाह्य लक्षणावरून पडलेले हे वेगळेपणाचे नाव होते. श्रीगोंद्याचे संतकवी शेख महंमद यांनी मात्र तेच नाव स्वतःच्या नावापुढे लावले आणि ‘योगसंग्रामा’सारखा ग्रंथ मराठीत रचून वारकरी परंपरेत मानाचे स्थान मिळविले. इतरांनी दिलेले उणेपण त्यांनी ओळख म्हणून धारण केले. परंतु त्यावरून दुसऱ्या कोणास ‘तुमच्यातल्याच माणसाने हा शब्द वापरला, मग आम्ही का वापरू नये?’ असे विचारण्याचा अधिकार मिळत नाही. स्वतःविषयी विनयाने वापरलेला शब्द दुसऱ्याच्या तोंडी तोच राहत नाही. साजगावचा विठोबा हेच सांगतो.

सुंतेवरून पडलेला जो हलकट शब्द मराठी बोलीत सर्रास ऐकू येतो, त्याचा येथे उच्चार करण्याची आवश्यकता नाही, कारण तो सर्वांस ठाऊक आहे. तो उघड शिवी आहे, म्हणून एका अर्थी कमी धोक्याचा आहे. सुसंस्कृत घरात तो निघाला तर कोणीतरी कपाळाला आठ्या घालतो. अधिक धोक्याचे शब्द ते, जे शिवीसारखे दिसत नाहीत. ‘शांतिदूत’ हा त्यांचा उत्तम नमुना होय. कोशात तो स्तुतिवाचक आहे, पण आज मुसलमानांना उद्देशून तो उपरोधाने फेकला जातो. मुसलमानांच्या वस्तीला ‘मिनी पाकिस्तान’ म्हणणे हाही त्यातलाच प्रकार. तेथील रहिवासी पिढ्यान्‌पिढ्या याच मातीत राबतो, येथेच कर भरतो आणि येथेच मूठमातीला जातो. या एका शब्दाने त्याला उभ्या उभ्या परदेशात नेऊन बसविले जाते.

‘जातीय’ शब्दाचा आडोसा

या शब्दांमागील वृत्तीला नाव देण्याचा प्रयत्न मराठीने केला नाही, असे नाही. हिंदीने ‘सांप्रदायिक’ हा शब्द घेतला. मराठीला तो घेणे अवघड होते, कारण येथे ‘संप्रदाय’ म्हटले की वारकरी संप्रदाय डोळ्यांपुढे उभा राहतो, आणि त्या शब्दाला असलेला आदर पुसणे कोणास शक्य नव्हते. म्हणून मराठी वृत्तपत्रांनी ‘जातीय’ हा शब्द पत्करला. दोन धर्मांच्या लोकांत दंगल झाली तर ती ‘जातीय दंगल’ आणि ती होऊ नये म्हणून ‘जातीय सलोखा’. मे १९७० मध्ये भिवंडी, जळगाव आणि महाड येथे दंगली उसळल्या. महाड याच जिल्ह्यातील, आणि जिल्ह्याचे नाव तेव्हा कुलाबा होते. या दंगलींच्या चौकशीसाठी न्यायमूर्ती मादन यांचा आयोग नेमण्यात आला. त्या काळी मराठीत अशा दंगलींना ‘जातीय’च म्हटले जाई.

या शब्दाने दोन घोटाळे केले. एक तर जात आणि धर्म यांची सरमिसळ केली. गावकुसाबाहेर ठेवलेल्या माणसावरील अत्याचारही ‘जातीय’ आणि मोहल्ल्यावरील हल्लाही ‘जातीय’. दुसरा घोटाळा अधिक गंभीर आहे. ‘जातीय’ हा शब्द नेहमी दोन्ही बाजूंना सारखाच लागू होतो. त्यात मारणारा आणि मार खाणारा एकाच पारड्यात बसतो. दंगल आटोक्यात आणताना असा तटस्थपणा पोलिसांना उपयोगी पडत असेलही, पण तिची मीमांसा करताना तो आडोसा ठरतो. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मधील मुंबईच्या दंगलींत श्रीकृष्ण आयोगाच्या नोंदीनुसार ९०० माणसे मेली. त्यांत ५७५ मुसलमान आणि २७५ हिंदू होते. मृत्यू दोन्हीकडे झाले आणि शोकही दोन्हीकडे झाला, यात शंका नाही. परंतु त्या दिवसांत मुसलमानांविरुद्ध जी भाषा पद्धतशीरपणे पसरविली गेली, तिचे वर्णन ‘जातीय तणाव’ या दोन शब्दांत आटोपणे म्हणजे तिच्यावर पांघरूण घालणे होय. पुढे पुरोगामी वर्तुळांत रूढ झालेला ‘जमातवाद’ हा शब्द ‘जातीयवादा’पेक्षा नेमका आहे. पण तो संघटित राजकारणाचे नाव आहे, शेजाऱ्याच्या मनातील किल्मिषाचे नव्हे.

दंगलीच्या बातमीत समाजांची नावे घेऊ नयेत, हा वृत्तपत्रांनी पाळलेला संकेतही सद्‌हेतूचा होता. ‘दोन गटांत हाणामारी’, ‘एका विशिष्ट समाजाचे लोक’ अशी वाक्यरचना त्यातूनच रूढ झाली. काळाच्या ओघात या संयमाचे काय झाले, ते पाहण्यासारखे आहे. आज सभेत कोणी ‘विशिष्ट समाज’ म्हटले, की श्रोत्यांना तो कोणता हे विचारावे लागत नाही. ज्या शब्दांनी नाव झाकायचे होते, तेच नावाकडे बोट दाखवू लागले. आणि बोट दाखविणारा मात्र ‘आम्ही नाव कोठे घेतले?’ असे विचारण्यास मोकळा राहिला.

शब्दांची किंमत कोणी मोजली?

ही सारी शब्दांची कीस काढणी आहे, प्रत्यक्षात कोणाचे काय बिघडते, असे कोणी म्हणेल. २०२० सालचा अनुभव त्यास उत्तर देईल. कोरोनाच्या साथीच्या आरंभी दिल्लीतील तबलिगी जमातीच्या मेळाव्यावरून देशभर गदारोळ उठला. गर्दीबद्दल आयोजकांवर टीका होणे रास्त होते. परंतु रोगालाच ‘जिहाद’ जोडला गेला आणि दारावर येणाऱ्या भाजीवाल्याचे नाव विचारले जाऊ लागले. महाराष्ट्रात परदेशी तबलिगींवर गुन्हे नोंदले गेले. २१ ऑगस्ट २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने ते रद्द केले. या लोकांना बळीचे बकरे करण्यात आल्याचे न्यायालयाने म्हटले आणि प्रसारमाध्यमांतील अपप्रचारावरही ताशेरे ओढले. निकाल आला तोवर काही महिने लोटले होते. शब्द तेवढे थांबले नव्हते.

‘जिहाद’ हे उत्तरपद आता कशालाही जोडता येते. विवाहाला जोडले, जमिनीला जोडले आणि २०२४ च्या निवडणुकांत महाराष्ट्रात मतदानालाही जोडले गेले. ‘लव्ह जिहाद’ या शब्दाची प्रचलित कायद्यांत व्याख्या नाही आणि केंद्रीय यंत्रणांकडे तशा प्रकरणाची नोंद नाही, असे केंद्र सरकारनेच फेब्रुवारी २०२० मध्ये लोकसभेत सांगितले होते. तरीही तो शब्द चालतो, कारण तो वस्तुस्थिती सांगण्यासाठी बनविलेलाच नाही. नागरिकाची साधी कृती, म्हणजे प्रेम, खरेदी किंवा मतदान, ती करणारा मुसलमान असेल तर कटाचा भाग ठरावी, एवढेच त्याचे कार्य आहे. कोणत्याही समाजाच्या मतपेढीवर टीका करण्यास हरकत नाही. परंतु एकाच्या मताला ‘कल’ आणि दुसऱ्याच्या मताला ‘जिहाद’ म्हणणे, हा टीकेचा नव्हे तर पंक्तिप्रपंचाचा प्रकार होय.

परका शब्द, घरचे दुखणे

या वृत्तीला जगभर ‘इस्लामोफोबिया’ म्हटले जाते. हा शब्द वाटतो तितका नवा नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी पश्चिम आफ्रिकेतील फ्रेंच वसाहतींच्या अधिकाऱ्यांच्या लेखनात तो आढळतो. ब्रिटनमधील रनीमीड ट्रस्टच्या १९९७ च्या अहवालाने तो सार्वजनिक चर्चेत आणला. त्याच संस्थेने वीस वर्षांनी, २०१७ मध्ये, त्याची अधिक नेमकी फोड मुसलमानांविरुद्धचा वंशवाद अशी केली. न्यूझीलंडमधील क्राइस्टचर्च येथे १५ मार्च २०१९ रोजी दोन मशिदींवर झालेल्या हल्ल्यात ५१ जण बळी पडले. पुढे २०२२ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १५ मार्च हा दिवस या वृत्तीच्या प्रतिकाराचा आंतरराष्ट्रीय दिवस म्हणून जाहीर केला. एकाच धर्माविषयीच्या भयाला वेगळे स्थान देण्याबद्दल भारताने त्या वेळी चिंता व्यक्त केली होती.

‘इस्लामोफोबिया’ या शब्दात दोन उणिवा आहेत. ‘फोबिया’ म्हणजे विकृत भय, जणू हा मनाचा आजार आहे. आजाऱ्याला दोष देता येत नाही. येथे तर पुष्कळदा भय नसतेच, असतो तो तुच्छभाव किंवा हिशेबी स्वार्थ. दुसरी उणीव अशी की, हा शब्द माणसांचे नाव घेत नाही, धर्माचे घेतो. त्यामुळे धर्माची चिकित्सा करणारा आणि माणसांचा द्वेष करणारा, हे दोघेही त्याच्या कक्षेत सापडू शकतात. ‘इस्लामभय’ किंवा ‘इस्लामद्वेष’ असे त्याचे शब्दशः मराठीकरण केले तर या उणिवा जशाच्या तशा घरात येतील. मराठीत त्याहून सरळ शब्द उपलब्ध आहे. तो म्हणजे ‘मुस्लिमद्वेष’. त्यात भयाची सबब नाही आणि धर्मग्रंथाचे संरक्षणही नाही. माणूस आहे आणि त्याच्याविषयीचा द्वेष आहे. हा द्वेष मनात असतो तोवर पूर्वग्रह, कृतीत उतरला की भेदभाव आणि राजकारणाचे साधन बनला की जमातवाद. मराठीजवळ सारे शब्द आहेत, ते नेमक्या जागी वापरण्याची शिस्त मात्र हवी.

दलवाईंची कसोटी

ही शिस्त का हवी, याचे उत्तर हमीद दलवाई यांच्या आयुष्यात सापडते. चिपळूणजवळच्या मिरजोळीचे हे मराठी लेखक. १८ एप्रिल १९६६ रोजी त्यांनी सात मुसलमान स्त्रियांचा मोर्चा मुंबईत विधान भवनावर नेला. तोंडी तलाक आणि बहुपत्नीत्व यांविरुद्धचा तो आवाज होता. २२ मार्च १९७० रोजी पुण्यात त्यांनी मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले. मुस्लिम राजकारणावर त्यांच्याइतकी परखड टीका त्या काळी क्वचितच कोणी केली असेल. स्वसमाजातील सनातन्यांचा तीव्र विरोधही त्यांच्या वाट्याला आला. जी व्याख्या दलवाईंना मुस्लिमद्वेष्टा ठरवील ती व्याख्या चुकीची, असे निःसंकोच म्हटले पाहिजे. धर्मचिकित्सेवर ‘द्वेषा’चा शिक्का मारणारे सनातनी या शब्दाचे अवमूल्यन करतात आणि त्याचा लाभ खऱ्या द्वेष्ट्यांना मिळतो.

परंतु कसोटीची दुसरी बाजूही आहे. दलवाईंची टीका मुसलमान स्त्रीला न्याय मिळावा आणि मुसलमान नागरिकाला आधुनिक भारतात मानाने जगता यावे, यासाठी होती. हिंदू जमातवादालाही त्यांनी सोडले नाही. त्यांची अर्धीच वाक्ये उचलून ती मुसलमान शेजाऱ्याच्या तोंडावर फेकणारा मनुष्य दलवाईंचा वारस ठरत नाही. ज्याच्यावर टीका करायची त्याचे हित मनात आहे की त्याचे उच्चाटन, हे वाक्याच्या शेवटापर्यंत ऐकले की समजते.

याच कर्जत तालुक्यातील एक ताजे प्रकरण या कसोटीला लावून पाहता येईल. सप्टेंबर २०२५ मध्ये नेरळ येथील एका गृहप्रकल्पाच्या जाहिरातीत ‘हलाल लाइफस्टाइल टाउनशिप’ असे शब्द आल्यावरून वाद झाला आणि राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने राज्य सरकारला नोटीस पाठविली. धर्माच्या आधारे वसाहती उभ्या राहू नयेत, असे म्हणणे मुस्लिमद्वेष नव्हे. ती एका कृतीवरील रास्त टीका आहे. परंतु ‘ही माणसेच अशी’ या वाक्याकडे वळताच टीका संपते आणि द्वेष सुरू होतो. शिवाय ज्याला ही टीका प्रामाणिकपणे करावयाची आहे, त्याने मुंबईतील गृहसंस्थांत नाव ऐकून ज्याला घर नाकारले जाते, त्या कुटुंबाविषयीही तितक्याच मोठ्या आवाजात बोलले पाहिजे. तेथे एकही अपशब्द उच्चारला जात नाही. ‘सोसायटीचे नियम आहेत, आमचा इलाज नाही’ असे अत्यंत नम्रपणे सांगितले जाते आणि दार लावले जाते. द्वेषाला शिवीची गरज असतेच असे नाही, हे या सभ्य भाषेवरून कळावे.

कायद्याची सीमा

हे काम कायद्यावर सोपवून मोकळे होता येईल, असेही नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या १९६ व्या कलमात समाजगटांत वैर वाढविणे हा गुन्हा आहे आणि २९९ व्या कलमात हेतुपुरस्सर धर्मभावना दुखविणे हा. पहिले कलम माणसांचे परस्परसंबंध जपते, तर दुसरे भावना जपते. पहिल्याची अंमलबजावणी ढिली आणि दुसऱ्याची कडक झाली, तर चिकित्सक अडकतो आणि द्वेष्टा सुटतो. सप्टेंबर २०२४ मध्ये, बंगळुरूतील एका मुस्लिमबहुल भागाला न्यायालयातच ‘पाकिस्तान’ म्हटले गेल्याचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. भारताच्या भूमीच्या कोणत्याही भागाला असे म्हणता येणार नाही, असे त्या न्यायालयाने बजावले. उलट फेब्रुवारी २०२५ मधील एका निकालात, एखाद्याला ‘मियाँ-तियाँ’ आणि ‘पाकिस्तानी’ म्हणणे अभिरुचीला सोडून असले तरी धर्मभावना दुखविण्याचा गुन्हा ठरत नाही, असे त्याच न्यायालयाने म्हटले. या दोहोंत विसंगती शोधण्याचे कारण नाही. प्रत्येक कुत्सित शब्दामागे पोलीस धाडता येत नाही आणि धाडूही नयेत. जेथे कायदा थांबतो तेथे समाजाच्या अभिरुचीचे काम सुरू होते.

त्या अभिरुचीला आधार मराठीतच आहे. जोतीराव फुल्यांनी पैगंबरांच्या गौरवार्थ ‘मानव महंमद’ ही रचना लिहिली. बार्शीचे शाहीर अमर शेख संयुक्त महाराष्ट्रासाठी गावोगाव गर्जले. १९८१ साली कुलाबा जिल्ह्याला ‘रायगड’ हे शिवछत्रपतींच्या राजधानीचे नाव मिळाले, तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री याच जिल्ह्यातील अ. र. अंतुले होते. १९९० मध्ये सोलापुरास पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले. ‘मराठी माणूस’ आणि ‘मुसलमान’ या जणू दोन वेगळ्या जाती आहेत, अशा थाटात बोलणाऱ्यांना त्या संमेलनाच्या नावातच उत्तर होते. अकोला जिल्ह्यातील पातूर नगरपरिषदेच्या फलकावर मराठीबरोबर उर्दू असण्यास आक्षेप घेतला गेला, तेव्हा भाषा म्हणजे धर्म नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये स्पष्ट केले.

‘मुस्लिमद्वेष’ या शब्दाला मान्यता दिली तर ‘हिंदुद्वेषा’चे काय, असा प्रश्न येईल आणि तो यावाच. तोही शब्द आहे आणि जेथे लागू पडेल तेथे तो वापरण्यास कोणीही कचरू नये. एका दुखण्याला नाव दिले म्हणून दुसरे नाकारले जात नाही. नाकारला जातो तो ‘जातीय’ या शब्दामागचा आळस, जो दोन्ही दुखण्यांना एकच काढा पाजतो.

नाव देण्याने द्वेष नाहीसा होईल, अशी भाबडी अपेक्षा कोणी करू नये. परंतु नाव नसले, की प्रत्येक घटना सुटी दिसते. एक नाकारलेले घर, एक हटकलेला भाजीवाला, एक टवाळी, एक घोषणा, आणि प्रत्येकीची सबब वेगळी. नाव मिळाले की या साऱ्यांचे एकच गोत्र असल्याचे दिसू लागते. मग पंगतीत तो जुना शब्द निघाला असता विषय बदलण्याऐवजी, ‘हा मुस्लिमद्वेष आहे’ असे वडीलधाऱ्याने शांतपणे म्हणावे, आणि ज्याच्याविषयी तो निघाला तो मनुष्य पंगतीत नसतानाच म्हणावे. एवढे घडले तरी मराठी भाषेने आपल्याच माणसांपैकी एकाचे ऋण अंशतः फेडले, असे होईल.